साजूक तूप आणि वनस्पती तूप

एके काळी मराठी घरात 'तूप' हा शब्द एकटाच वावरत असे. त्याला 'गाईचे', 'म्हशीचे', 'ताजे', 'कढवलेले' अशी विशेषणे लागत; पण समोरचा पदार्थ मुळात तूप आहे की नाही, असा संशय त्या विशेषणांच्या मागे नसे. विसाव्या शतकाच्या दुसऱ्या चरणात ही स्थिती पालटली. वाण्याच्या दुकानी गेलेल्या मुलाला 'कोणते तूप?' असा प्रश्न होऊ लागला. इंदूर-ग्वाल्हेरकडे 'घी' या शब्दाआधी 'असली' किंवा 'देशी' असे म्हणावे लागू लागले. एका कारखानी पदार्थाने हजारो वर्षांच्या जुन्या अन्नाला आपली ओळख पटवून देण्यास भाग पाडले. हा पदार्थ म्हणजे वनस्पती तूप, आणि लोकांच्या तोंडी त्याचे नाव डालडा.

यावरून पूर्वीचे तूप सर्वत्र निर्भेळ होते, असा समज मात्र कोणी करून घेऊ नये. १९१७ साली कलकत्त्यात तुपामध्ये चरबी मिसळली जात असल्याचे उघडकीस येऊन मोठा गहजब झाला होता, आणि प्रायश्चित्ते घेण्यापर्यंत मजल गेली होती. शहरे वाढली, तूप खेड्यातून पेठेत व पेठेतून दूरच्या गिऱ्हाइकाकडे जाऊ लागले, आणि लोणी कढविणारा हात खाणाऱ्याच्या डोळ्यांआड झाला, तेव्हाच भेसळीला वाव मिळाला. वनस्पती तुपाने ही वाट तयार केली नाही. ती आयती सापडली.

या पदार्थाचा जन्म स्वयंपाकघरात झालेला नाही. युरोपात एकोणिसाव्या शतकात कारखान्यांभोवती दाट वस्ती झाली आणि लोण्याचा तुटवडा भासू लागला. १८६९ साली मेज-मूरिए या फ्रेंच रसायनज्ञाने गुरांच्या चरबीपासून लोण्यासारखा पदार्थ तयार केला. त्यालाच पुढे मार्गारीन म्हणू लागले. परंतु चरबीचा पुरवठाही मर्यादितच होता. तेले मात्र विपुल होती: सरकीचे, शेंगदाण्याचे, नारळाचे, देवमाशाचे. अडचण इतकीच, की बहुतेक तेले पातळ. पावाला लावावयास व साबण करावयास घट्ट पदार्थ हवा होता. फ्रान्समधील तुलूझ येथे पॉल साबात्ये यांनी दाखवून दिले, की निकेल धातूच्या बारीक भुकटीच्या सान्निध्यात काही सेंद्रिय पदार्थांच्या वाफा हायड्रोजन वायूशी सहज संयोग पावतात. या संशोधनाबद्दल १९१२ साली त्यांना नोबेल पारितोषिक मिळाले. साबात्ये यांचे प्रयोग वाफांवर होते. तीच युक्ती द्रवरूप तेलाला लावण्याचे श्रेय विल्हेल्म नोरमान या जर्मन रसायनज्ञाचे. त्यांनी १९०२ साली आपल्या कृतीचे पेटंट घेतले. तापलेल्या तेलात निकेलची भुकटी घालून दाबाखाली हायड्रोजन सोडला, की तेलाच्या रेणूंमधील मोकळ्या जागा भरत जातात आणि तेल थिजू लागते. किती थिजवावयाचे, ते वायू केव्हा बंद करावयाचा यावर अवलंबून. 'केव्हा बंद करावयाचा' या प्रश्नात पुढचा बराच इतिहास दडलेला होता, याची त्या वेळी कोणालाही कल्पना नव्हती.

ही विद्या प्रथम साबणवाल्यांनी उचलली. १९११ साली अमेरिकेत प्रॉक्टर अँड गँबल या साबण कारखान्याने सरकीच्या तेलापासून 'क्रिस्को' हा स्वयंपाकाचा स्निग्ध पदार्थ बाजारात आणला. ज्या सरकीला पूर्वी विशेष मोल नव्हते, तिच्यापासून काढलेले तेल आता केकमध्ये जाऊ लागले. कारखाना आपल्याजवळ काय आहे ते पाहतो, आणि मग लोकांनी काय खावे ते ठरवितो; आधुनिक खाद्यउद्योगाची ही रीत येथे चांगलीच दिसून येते.

हिंदुस्थानात हा माल पहिल्या महायुद्धानंतर, मुख्यतः हॉलंडहून, डब्यांतून येऊ लागला. येथे त्याला मार्गारीनसारखे लोण्याचे रूप देऊन उपयोग नव्हता. लोणी टिकत नाही. या देशाच्या हवेत टिकते ते तूप. म्हणून डच व्यापाऱ्यांनी तो तुपाच्या रूपाने विकला. पुढे आयातीवरील जकात आणि स्वदेशीची चळवळ या दोहोंमुळे परदेशी डबा विकणे अवघड होऊ लागले, तेव्हा इंग्रज व डच भांडवलाच्या संयोगातून नुकत्याच जन्मलेल्या युनिलिव्हर कंपनीने १९३१ साली हिंदुस्थान वनस्पती मॅन्युफॅक्चरिंग कंपनीची नोंदणी केली, आणि १९३२ साली मुंबईत शिवडी येथे तिचा कारखाना सुरू झाला. १९३७ साली 'डालडा' हे नाव आले. सांगतात ते असे, की पूर्वी माल आणणाऱ्या डच व्यापाऱ्याचे नाव 'दादा' होते. त्या नावात लिव्हरचा 'ल' घालून हा शब्द बनविण्यात आला. शब्द निरर्थक खरा, पण मराठी, हिंदी, गुजराती, कानडी, तेलुगु अशा कोणत्याही जिभेला न अडखळणारा. दिल्ली क्लॉथ मिल्सचे 'रथ' आले, इतर कारखान्यांचे डबे आले. तथापि मराठी माणूस त्या सर्वांना डालडाच म्हणत राहिला.

या यशामागे केवळ स्वस्ताई नव्हती. तुपाची पारख आपल्याकडे नाकाने व बोटांनी होते. चांगले तूप रवाळ असते. कारखान्यातून निघणारा पदार्थ तसाच थंड केला तर मेणासारखा गुळगुळीत होतो. म्हणून तो डब्यात भरून सावकाश निवविण्याची पद्धत घालण्यात आली. सावकाश निवला की त्यात कण धरतात, आणि झाकण उघडताच गृहिणीला ओळखीचे रूप दिसते. रसायनशास्त्राने हिंदी बोटांची केलेली ही खुशामत कारखानदारीच्या इतिहासात नोंद घेण्याजोगी आहे. वास मात्र आणता येत नव्हता, आणि पुढे कायद्यानेही तुपाचा रंग-वास त्यास देण्यावर बंधन आले.

जाहिरातीची तऱ्हाही या देशास नवीन होती. लिंटास या लिव्हरच्याच जाहिरातसंस्थेने चित्रपटगृहांत छोटे बोलपट दाखविले, रस्त्यारस्त्यांवर डब्याच्या आकाराच्या मोटारी फिरविल्या, आणि लोकांसमोर पदार्थ तळून चाखावयास दिले. पिवळ्या डब्यावरील हिरवे ताडाचे झाड ज्यांस अक्षरओळख नव्हती त्यांनाही ओळखू येई. 'डालडा सल्लागार सेवा' या नावाने पाककृतींची पुस्तके निघाली. सासूकडून सुनेकडे जाणारी विद्या छापील पानांवरून, कारखान्याच्या खर्चाने, घरात शिरली. त्या पुस्तकांत लाडू, करंज्या, पुलाव हे जुनेच पदार्थ होते. बदलला होता तो एकच जिन्नस.

हा एक जिन्नस घरात कोणत्या दाराने आला, हे पाहणे मनोरंजक आहे. तो वरणभातावर आला नाही. तेथे तुपाचा सुवास लागतो, आणि डालडा वरून वाढलेले वरण मराठी पंगतीत कोणी आनंदाने खाल्ल्याचे ऐकिवात नाही. शिवाय ताटात तो लवकर गोठतो आणि टाळूला चिकटतो. तो आला मोहनातून, साट्यातून आणि कढईतून. म्हणजे जेथे स्निग्ध पदार्थ दिसत नाही, पण काम करतो अशा जागांतून. चिरोट्याच्या पोळ्यांवर साटा लावावयाचा असतो. तेल लावले तर ते पिठात जिरते आणि पदर सुटत नाहीत. घट्ट पदार्थ मात्र पोळीपोळीमध्ये पडद्यासारखा राहतो, आणि तळताना पदर मोकळे होतात. करंजीची पारी, शंकरपाळ्यांचा खुसखुशीतपणा, नानकटाईचा भुसभुशीतपणा, बेकरीतील खारीचे थर ही सारी घट्ट स्निग्धांशाची किमया होय. तूप हे काम करीत होतेच; डालडा तेच काम बऱ्याच कमी पैशांत करू लागला. दिवाळीचा फराळ, जो पूर्वी ऐपतीप्रमाणे सूपभर किंवा डबाभर होई, तो लहान पगाराच्या कारकुनाच्या घरीही डबे भरभरून होऊ लागला. या गोष्टीला तुच्छ लेखणे सोपे आहे. ज्या घरी मुलांना प्रथमच पोटभर करंज्या मिळाल्या, त्या घरी तसे कोणी लेखले नाही.

उत्तरेकडे दुसरेच एक कारण साह्यभूत झाले. तेथे पाण्यात शिजलेले अन्न कच्चे आणि तुपात तळलेले ते पक्के, असा भेद आहे. पक्के अन्न परक्याच्या हातचेही चालते. हलवायाचे दुकान आणि लग्नाची पुरी-कचोरी या पक्क्या रसोईवर उभी. ग्वाल्हेर, इंदूर, उज्जैन येथे पिढ्यान्‌पिढ्या राहिलेल्या मराठी कुटुंबांनी हा भेद घरच्या चुलीपुरता पाळला असेल वा नसेल. पण बाजारच्या मिठाईत त्यांचाही वाटा होता. तो बाजार वनस्पतीवर गेला, तेव्हा तेही गेले. गोव्यात व कोकणात रोजच्या आमटीला नारळाचा रस आणि खोबरेल पुरेसे. तेथे रोजच्या स्वयंपाकाला या डब्याची निकड नव्हती. घाटावर आणि मराठवाड्यात शेंगतेल व करडईचे तेल होतेच. एका अर्थी वनस्पती हे त्याच शेंगतेलाचे नवे रूप होते, कारण पहिली अनेक वर्षे या कारखान्यांचा मुख्य कच्चा माल भुईमुगाचे तेल हाच होता.

आणि येथेच तक्रारीचे पहिले मूळ आहे. शेतकऱ्याच्या शेंगा घाण्यावर जात, तेव्हा तेल गावात राही व पेंड गोठ्यात जाई. आता ते तेल कारखाना उचलू लागला. अर्थशास्त्राची दृष्टी असलेले टीकाकार विचारीत, की शेंगतेल खाण्यास उत्तम असताना त्यात वायू घालून ते घट्ट करावयाचे, डब्यात भरावयाचे आणि जास्त दराने त्याच लोकांना विकावयाचे, यात देशाच्या अन्नात भर कोणती पडली? गोठा बाळगणाऱ्याचे नुकसान वेगळेच. तूप विकून खेड्यातल्या घरी चार पैसे येत, आणि ताक शेजाऱ्यापाजाऱ्यांना फुकट मिळे. तुपाचा भाव पडला, तर ताकही गेले. कारखानदारांचे उत्तर असे, की देशात तूप सर्वांना पुरेल इतके नाही. ज्यांना ते मिळत नाही त्यांना आम्ही पर्याय देतो. दोन्ही बाजूंत तथ्य होते, म्हणूनच वाद इतका चिघळला. दुसऱ्या महायुद्धात तूप महागले आणि वनस्पतीचा खप झपाट्याने वाढला. तेव्हा तर हा प्रश्न घरोघरचा झाला.

गांधीजींचा आक्षेप याहून सरळ होता. १९४६ साली 'हरिजन'मध्ये त्यांनी या विषयावर कठोर शब्दांत लिहिले. वनस्पतीचे तुपाच्या वेषात वावरणे, ही त्यांच्या दृष्टीने फसवणूक होती. खरोखर, पेठेत जे तूप म्हणून विकले जाई त्यात वनस्पतीची भेसळ सर्रास होत होती, आणि डोळ्यांना ती ओळखू येत नव्हती. चतुर गृहिणी तळहातावर चोळून वास घेई. पण निम्मे तूप आणि निम्मे वनस्पती असल्यास तेही नाक फसे. मग मागणी पुढे आली, की वनस्पतीला रंग द्या. संसदेत पंडित ठाकूरदास भार्गव यांनी तर वनस्पतीचे उत्पादन व विक्रीच बंद करण्याचे विधेयक मांडले. बंदी झाली नाही. रंगाचा प्रश्न मात्र वर्षानुवर्षे समित्यांपुढे पडून राहिला. रतनजोतीच्या मुळीपासून प्रयोगशाळेतील रंगांपर्यंत नाना द्रव्ये पाहण्यात आली. निरुपद्रवी असावा, तळताना टिकावा, अन्नाला विद्रूप करू नये आणि भेसळ करणाराला सहजी काढता येऊ नये, असा रंग काही सापडेना. तो सापडू नये, अशीच काहींची इच्छा होती, असेही तेव्हा बोलले जाई. त्याचा निवाडा आता होणे नाही.

त्याऐवजी एक आडवाट काढण्यात आली, आणि ती कल्पक होती. प्रत्येक वनस्पती तुपात शेकडा पाच या प्रमाणात तिळाचे तेल घालणे सक्तीचे झाले. तिळाच्या तेलाचा एक विशेष गुण असा, की हायड्रोक्लोरिक आम्ल व फुरफुराल यांच्याबरोबर हलविले असता ते गुलाबी-लाल रंग देते. यास बोदुअँची कसोटी म्हणतात. तेव्हा तुपाच्या नमुन्यात हा रंग उमटला, की त्यात वनस्पती आहे असे समजावे. रंग डब्यात न घालता निरीक्षकाच्या परीक्षानळीत घालण्यात आला! कायद्याचे समाधान झाले. परंतु परीक्षानळी नगरपालिकेत, आणि तूप घेणारी बाई दुकानात. हे अंतर १९५४ च्या अन्नभेसळ प्रतिबंधक कायद्यानेही पुरतेपणी मिटले नाही.

आरोग्याचा वाद याच सुमारास पेटला. वनस्पती खाऊ घातलेल्या उंदरांची तिसरी पिढी आंधळी होते, असे एका प्रयोगाच्या आधारे देशभर पसरले, आणि डालडा खाल्ल्याने डोळे जातात ही समजूत अनेक घरांत कायमची बसली. सरकारने कुन्नूर, बंगलोर इत्यादी ठिकाणच्या प्रयोगशाळांना काम सांगितले. सदतीस अंश सेंटिग्रेड, म्हणजे शरीराच्या उष्णतेलाच वितळणारी वनस्पती पचनास व वाढीस अपायकारक दिसत नाही, असा या प्रयोगांचा एकंदर निष्कर्ष निघाला. तुपात असलेले अ जीवनसत्त्व वनस्पतीत नसते, ही उणीव मात्र खरी होती. ते बाहेरून मिसळण्याची सक्ती झाली. येथे वाद मिटला, असे सर्वांनी धरले. शास्त्रज्ञांनी खोटे सांगितले असे म्हणता येणार नाही. त्यांना विचारला गेलेला प्रश्न उंदराचे वजन वाढते का, डोळे राहतात का, एवढाच होता. माणसाने तीस-चाळीस वर्षे हा पदार्थ खाल्ला तर त्याच्या हृदयाचे काय होते, हा प्रश्न कोणी विचारला नाही, आणि त्या वेळी तो विचारण्याची साधनेही अपुरी होती.

मधल्या काळात डबा मराठी संसाराचा भाग होऊन गेला. रिकामा झाल्यावर त्यात डाळी आल्या, झाकणाला भोके पाडून चाळणी झाली, चाळीच्या कठड्यावर त्यात तुळस लागली. दरम्यान डब्यातील माल बदलत होता. शेंगतेल महाग झाल्यावर सरकारने कारखान्यांना सरकीकडे वळविले, आणि १९७० नंतरच्या दशकांत परदेशी पामतेल व सोयाबीनचे तेल यांचा भरणा वाढला. झाड तेच, नाव तेच. आतील पदार्थाचा भुईमुगाशी संबंध सुटला होता. १९८३ साली काही वनस्पती तुपात परदेशातून आणलेली गुरांची चरबी मिसळल्याचे उघडकीस येऊन देशभर संतापाची लाट उसळली. कलकत्त्याच्या १९१७ सालचीच ती पुनरावृत्ती, फक्त या वेळी भेसळ तुपात नव्हती, तुपाच्या पर्यायात होती. त्यानंतर शहरी मध्यमवर्ग शुद्ध केलेल्या पातळ तेलांकडे अधिक वेगाने वळला.

खरा घाव १९९० साली बसला, आणि तो हॉलंडहूनच आला. मेन्सिंक आणि काटान या दोन डच संशोधकांनी निरोगी माणसांच्या आहारावर प्रयोग करून दाखविले, की अर्धवट हायड्रोजन दिलेल्या तेलात जे एक विशिष्ट प्रकारचे मेद निर्माण होतात, ते रक्तातील अपायकारक कोलेस्टेरॉल वाढवितात व हितकारक कोलेस्टेरॉल कमी करतात. यांना ट्रान्स मेद म्हणतात. वायू मध्येच बंद केला, की तेलाच्या रेणूंतील न भरलेल्या काही जोडांची बांधणी फिरते आणि वाकडा रेणू सरळ होतो. सरळ रेणू एकावर एक नीट बसतात, म्हणूनच तर पदार्थ घट्ट होतो. चिरोट्याचे पदर सोडविणारा गुण आणि हृदयाला बाधणारा दोष या दोहोंचे मूळ बव्हंशी त्याच एका फेरात होते. तेल पुरते हायड्रोजनयुक्त केले, तर हे मेद राहत नाहीत, पण पदार्थ दगडासारखा कठीण होतो आणि कोणाच्या उपयोगी पडत नाही.

डेन्मार्कने २००३ साली अन्नातील अशा मेदांवर शेकडा दोनची मर्यादा घातली. योगायोग असा, की त्याच वर्षी हिंदुस्थान लिव्हरने डालडा हे नाव बंगी या कंपनीस विकून टाकले. भारतात ही मर्यादा टप्प्याटप्प्याने खाली आली. २०२१ साली ती शेकडा तीन झाली आणि जानेवारी २०२२ पासून शेकडा दोन. जागतिक आरोग्य संघटनेने २०१८ साली सर्व देशांना केलेल्या आवाहनाचाही यास आधार होता. संसदेत ज्या पदार्थावर बंदी घालता आली नाही, त्याचे जुने स्वरूप अशा रीतीने एका नियमाच्या दोन आकड्यांनी संपुष्टात आले. विरोधकांनी दिलेली कारणे पुष्कळशी चुकीची होती; डोळे कोणाचे गेले नाहीत. पण त्यांचा संशय अगदीच निराधार नव्हता, आणि समर्थकांचे प्रयोग खरे असूनही त्यांचा विश्वास अपुरा ठरला.

आज दुकानात 'वनस्पती' मिळते, ती बहुधा पामतेलाच्या घट्ट भागापासून, ट्रान्स मेद टाळणाऱ्या निराळ्या कृतीने केलेली. देशाला लागणाऱ्या खाद्यतेलापैकी निम्म्याहून अधिक बाहेरून येते, आणि त्यात पामतेलाचा वाटा मोठा आहे. घरच्या कढईतून डालडा पुष्कळसा गेला. तो उरला आहे खारीत, टोस्टात, बिस्किटांत आणि मिठाईच्या दुकानामागील भट्टीवर, म्हणजे पुन्हा जेथे तो दिसत नाही अशाच जागी. तूप मात्र परत आले आहे, आणि तेही बरण्यांतून, 'शुद्ध', 'देशी', 'गाईचे', 'पारंपरिक पद्धतीचे' अशा चार-चार विशेषणांनिशी. दिवाळीच्या आदल्या आठवड्यात बेळगावच्या किंवा बडोद्याच्या एखाद्या घरी आजी चिरोट्यांचा साटा फेसू लागते, तेव्हा सून विचारते, 'साट्याला तूप घेऊ का?' आणि आजी, जिने उभ्या जन्मात साजूक तुपाचीच थोरवी गाइली, ती सांगते, की पदर हवे असतील तर डालडाच आण.